निशाणी तेवीस

लग्नाच्या मांडवाचे पैसे
तीन वर्षांच्या आत कोर्टात मागायचे असतात,
नंतर ते मेलेले धरतात.
गुजर वकिलांनी हे सांगितलं तेव्हा
माझ्याकडं अकरा दिवस उरले होते.

अकरा दिवसांत वकीलपत्र, स्टँप,
पावतीबुकातलं ते पान,
ज्यावर निवृत्ती अण्णा डुबलांची सही
हळदीच्या बोटानं अर्धी पुसलेली.
येणे बाकी एक्याऐंशी हजार चारशे.
कोर्ट फी वेगळी. चहा वेगळा.

कराडच्या कोर्टात नाव तीनदा पुकारतात.
दस्तगीर बाबालाल शिकलगार,
दस्तगीर बाबालाल शिकलगार,
तिसऱ्या वेळेला वाटायचं
उसने मीच घेतलेत कुणाचे तरी.

समोरचे वकील म्हणाले,
मांडव तुमचाच होता कशावरून?
फोटोवाल्याकडनं प्रिंट काढून आणली होती.
निशाणी तेवीस:
नवरानवरी, अक्षता हवेत थांबलेल्या,
आणि मागं, डाव्या झालरीवर
निळ्या दोऱ्याचं ठिगळ.
म्हटलं, साहेब, हा टाका माझ्या अम्मीचा.
साहेबांनी चष्मा काढला, परत घातला,
टायपिस्टला म्हणाले, लिहा,
साक्षीदार ठिगळ ओळखतो.

चार वर्षांनी हुकूमनामा. खर्चासह,
दरसाल दरशेकडा सहा.
मी पेढे घेऊन गेलो.
गुजर वकिलांनी अर्धाच खाल्ला.
म्हणाले, दस्तगीर, आत्ता कुठं सुपारी फुटली,
वरात अजून लांब आहे.

मग दरखास्त. मग बेलीफ.
ओगलेवाडीच्या घराला कुलूप.
कुलूप निघालं ते अण्णा गेले तेव्हा.
दहाव्याला खुर्च्या दुसऱ्याच कुणाच्या होत्या.
रस्त्यावरनं जाता जाता मोजल्या, सवयीनं.
साठ.

वारसांची नावं लावायचा अर्ज
माझ्याच सहीनं गेला.
तरी पुढच्या तारखेला पुकारा झाला
हर्षला निवृत्ती डुबल, आणि मी दचकलो.
फोटोतली नवरी
दप्तरासकट पोराला घेऊन उभी,
स्वतःच्या लग्नाच्या मांडवाची
ऋणको नंबर दोन.

महिन्याला दोन हजार जमतील, म्हणाली.
साहेबांनी माझ्याकडं बघितलं.
मी वकिलांकडं.
वकील पंख्याकडं.

बाहेर बाकड्यावर तिनं नोटा मोजून दिल्या,
मग म्हणाली, चाचा,
मांडव गळत होता डावीकडनं.
वळवात आत्याचा शालू भिजला.
एवढी वर्षं हे कुणीच कसं नाही लिहून दिलं?
मला उत्तर सुचलं नाही.
पोरगं म्हणालं, आई, चल ना.

मी पावती फाडून दिली.
रात्री गोडाऊनमध्ये बुक उघडलं तर
कार्बन उलटा बसलेला.
आकडे सगळे तिच्या कागदाच्या पाठीवर गेले,
माझ्याकडची प्रत कोरी.
पुढच्या तारखेला
तिच्याकडनंच बघून लिहून घ्यावं लागेल.