पोटखराब

सातबाऱ्यावर त्याला नाव नव्हतं.
पोटखराब, शून्य हेक्टर अठरा आर.
मीच मोजला होता तो व्हाळ,
साखळी टाकून, भर ओहोटीला,
तेव्हा तिथे चिखलातून वर आलेली
तिवरांची बोटं होती फक्त,
आणि कालवं फोडत बसलेली दुर्गी खवळे.

"मोजतंस कित्याक?" मान वर न करता म्हणाली,
"आदी उधाणाक इचार, ता खंयसर येता."

नकाशात उधाणाला रकाना नसतो.
मी खुणा जोडल्या, सही केली,
तिची चार कालवं खाल्ली
उभ्याउभ्याच.

मग डंपर. लाल माती. तिवरांवर चिरे.
व्हाळ गेला दोन फुटी पाइपात.
वर इमारत उठली, 'खाडी दर्शन',
बी विंग, दोनशे चार माझा.
हप्ते अजून नऊ वर्षं.

भाद्रपदातली अवस. आभाळ कोरडं ठाक.
रात्री दोनला गटाराची झाकणं उचलून
पाणी पार्किंगमध्ये आलं, अगदी शांतपणे,
आणि त्यामागून उदाची मादी, दोन पिल्लं.
लिफ्टपासून वॉचमनच्या खुर्चीला वळसा घालून
गेटकडे गेली,
जिथे व्हाळ वळायचा, तिथेच वळली.
तिला साखळी लागली नाही.

सेक्रेटरी गुडघाभर पाण्यात, विजार वर धरून:
"तुम्ही मोजणी खात्यातले ना?
सांगा, भिंत कुठनं घालायची?"

मी माझ्या स्कूटरकडे बघत होतो.
सीटवर अर्धी खाल्लेली बोय,
डोळा अजून ओला.