पाट्या

महापेच्या एमआयडीसीत, तिसऱ्या मजल्यावर,
रात्री साडेदहा ते सकाळी साडेसहा
मी बर्लिनची कार्डं तपासते.
शंभर वर्षांपूर्वीच्या सेन्सॉरची, कडा कुरतडलेली.
मशीन वाचतं, चुकतं. मी सुधारते.
कार्डाला अकरा रुपये.
मुळगुंद सर म्हणतात, मॅडम, अर्थात शिरू नका,
अक्षरं बघा.

कार्डावर सिनेमाचं नाव, लांबी मीटरात,
आणि पडद्यावर यायच्या त्या सगळ्या पाट्या, क्रमानं.
चित्रं नाहीत. बरीच जळाली,
काही चांदीसाठी वितळवली.
शेवटच्या रकान्यात ठरलेला शिक्का :
प्रत उपलब्ध नाही.

हुगो टीलेके हे नाव मार्चात पहिल्यांदा आलं.
सन १९१२, दोनशे दहा मीटर,
एक विमा एजंट, एक बादली, एक सासू.
मग येतच राहिलं.
वर्षाला नऊ, वर्षाला चौदा.
गुप्तहेर. जुळ्या बहिणी. गुप्तहेराची जुळी बहीण.
एक महाराजाही, वाघासकट.
पाटी नऊ : 'महाराज, समुद्रावरून बर्फाचा वारा सुटलाय.'
मी एकटीच इतकी हसले
की जिन्यातला वॉचमन खुर्चीत दचकला.
तेव्हाच ठरवून टाकलं,
हा बाबा नुसत्या पाट्या टाकणारा.
आमच्यातलाच.

कार्ड एकेचाळीस हजार एकशे सात.
सन १९१७. तीन अंकी.
इथं पाट्या उतरवायचा कुणीतरी कंटाळा केलेला.
एवढंच : एकूण चौऱ्याऐंशी, पैकी एकतिसावी काढावी,
लांबी दोन मीटर दहा,
कारण, लोकांचं मनोधैर्य.
आणि काढायचं ते नेमकं कळावं म्हणून
कारकुनानं तेवढी एक पूर्ण लिहून ठेवलेली :

'दार उघडू नकोस, आई.
आधी आठव, मी कसा दिसायचो.'

मशीननं आईचं लोणी केलं होतं.
तिकडच्या भाषेत एका अक्षराचाच फरक.
मी अक्षर बदललं.
त्र्याऐंशी पास झाल्या आणि गेल्या.
ही नापास, म्हणून राहिली.
पुढचं कार्ड मी चहा गार होईपर्यंत उघडलं नाही.
बावीस रुपये बुडाले असतील, किंवा तेहतीस.

त्यानंतर त्याचं लक्ष ठेवून वाचलं.
असली ओळ पुन्हा नाही.
परत जुळ्या बहिणी, परत बादली.
तेवीस सालच्या कार्डावर फीच्या जागी इतकी शून्यं
की मशीननं ती नक्षी समजून सोडून दिली.
मग पडदा बोलायला लागला.
तीस साली, संवाद : दुसराच कुणी. कल्पना : टीलेके.
एकतीस साली, 'टीले यांच्या एका जुन्या कल्पनेवरून'.
के गळाला होता.
नावं सुधारायची नाहीत, असा नियम आहे.
पुढं नाव नाही. बत्तीस नाही, तेहतीस नाही.
कुठं गेला, कार्डाला माहीत नाही,
आणि कार्डाबाहेरचं मला कुणी देत नाही.

एकतिसाव्या पाटीसमोर, शेऱ्याच्या रकान्यात,
मी दोन ओळी लिहिल्या होत्या, मराठीत.
दुसऱ्या रात्री रकाना कोरा.
मुळगुंद सरांनी काय काढलं
ते कुठं लिहून ठेवलं नाही.
माझ्याही नीटसं लक्षात नाही आता.

सकाळी जीप घणसोलीच्या नाक्यावर सोडते.
बामीबाई तळवलीहून आलेली असते,
डोक्यावर ओले बोंबील, पदराला बर्फाचं पाणी.
"काय गो, डोलं लाल झालं?"
म्हटलं, काही नाही, रात्रभर पाट्या टाकल्या.
ती हसली, मान न हलवता.
"माजी तं अजून डोक्यावंच हाय.
हात लाव, उतरव."