घट

बागूल सरांनी फळ्यावर लिहिलं : नॉर्मल लॉस.
प्रक्रियेत थोडं गळतंच,
ते चांगल्या नगांवर बसवायचं.
कॉलेज रोडवरून निघाले,
तांबट लेनीत शिरले तरी
पाचवं उदाहरण सुटेना.

दादा हंड्याला ठोके देत होते.
"किलोमागं घट किती धरता?"
हात थांबला नाही.
पुन्हा विचारलं,
भद्रकालीपर्यंत ऐकू जाईल इतकं.

"पन्नास ग्रॅम. मोड वितळते की परत."

वहीत मांडलं : तांबं, कोळसा, कल्हई,
दादांची मजुरी (ती कधी कुणी धरली नव्हती),
मोडीची किंमत वजा.
ताळा जुळला. चक्क पैशाला पैसा.

तेवढ्यात गिऱ्हाइकानं भाव विचारला.
दादांनी
माझ्या ओठांकडे पाहिलं.