नावाची पट्टी

इर्मेली कुओस्मानेन.
कॉलरच्या आत, मानेला लागेल न लागेल अशी
पांढरी फीत, तीवर लाल दोरा :
हे नाव मी एकवीस वर्षं शिवलं.

तिची आई तांपेरेच्या गिरणीत, मागावर.
मीही तिथलीच, तीन खाती पलीकडे.
म्हणून पहिल्याच दिवशी तिनं विचारलं,
"तुलाही कमी ऐकू येतं का गं?"
आम्ही दोघी ओरडूनच बोलायचो,
मेकअपवाला कानात कापूस घालायचा.

शंभर मागांच्या खडखडाटावरून
आईला जेवायला हाक मारायची,
एवढीच तिची तालीम.
एकोणिसाव्या वर्षी गाणं गाजलं.
एकच.
होडी, तळं, आणि परत न आलेला कुणीतरी.
आमच्याकडे जूनमध्ये अंधार पडत नाही,
त्यामुळे नाच थांबवायलाही निमित्त नसतं.
तळ्याकाठच्या लाकडी मंडपांतून
एका रात्रीत दोन दोन गावं.
व्हॅनमध्ये ढोल, ढोलावर ती झोपलेली,
डास चावू नयेत म्हणून
पायमोज्यांत वर्तमानपत्राच्या घड्या;
कधी कधी त्याच पानावर तिचा फोटो,
पोटरीला चिकटून निघालेला.

पैशांचं सगळं वेइक्को लिंतुला बघायचा.
होडीचं गाणं तिनं गायलं,
होडी त्यानं घेतली. मोटरची.

मग घसा.
हेलसिंकीच्या डॉक्टरनं गाठी काढल्या,
सहा आठवडे पाटीवर लिहून बोलली.
वरचा स्वर गेला तो गेलाच,
दुधावरची साय काढून घ्यावी तसा.
खाली उरलं ते पातळ, पण गरम.

कामगारांच्या थिएटरात तिला घेतलं
ते मोलकरणीच्या कामाला. तीन वाक्यं,
त्यांतलं एक "आले."
ते "आले" ती जिन्यात म्हणायची,
बाथरूममध्ये म्हणायची,
माझ्या तोंडात टाचण्या असताना
माझ्या डोक्यावरून म्हणायची.
पन्नास तऱ्हांनी आली असेल ती त्या खोलीत.

आणि मग ती विधवा.
राखाडी लोकरीचा झगा, कोपरांना ठिगळं
(ठिगळं खरी, शोभेची नव्हेत).
पहिला प्रयोग, दुसरा अंक,
ती टेबलाशी पाव कापत बसलेली, सगळं चिडीचूप,
आणि वरच्या गॅलरीतून एक प्यायलेला आवाज :
"होडी गा, इर्मेली! होडी!"

मी विंगेत. हातात सुई, सुईत दोरा नाही.

तिनं पाव कापला.
अजून एक फोड कापली.
मग मान वर न करता म्हणाली,
"कुणीतरी दार लावा. थंडी आत येतेय."

ते वाक्य नाटकात नव्हतं.
दुसऱ्या दिवसापासून होतं.

आत आली तेव्हा पाठ घामानं भिजलेली,
फोड अजून मुठीत. म्हणाली, "खा."
खाल्ला आम्ही दोघींनी,
रंगमंचावरचा पाव, दोन दिवसांचा शिळा.
तिच्याबद्दल मला कुणी विचारलं
तर मी हेच सांगते, आणि लोक
गाण्याचं विचारतात.

गेल्या मार्चमध्ये ती वारली.
पेपरात अर्धं पान होडी,
खाली एक ओळ : "रंगभूमीवरही काही भूमिका केल्या."
काही.
त्रेचाळीस.
पट्ट्या मी शिवल्यात, मला विचारायचं होतं.

आता तेच नाटक पुन्हा लागतंय.
झगा ऊनाला बसतो, फक्त बाह्या लांब.
चांगली पोर आहे, कुजबुजली तरी
शेवटच्या रांगेत पोचते.
ऑफिसातून निरोप : जुनं नाव उसवा, नवं लावा.
मी नवं लावलं.
जुन्यावरच.

ऊनानं मानेवरून हात फिरवला.
"काहीतरी टोचतंय इथे."
"टोचेल," मी म्हटलं, जरा मोठ्यानंच,
"चार दिवस टोचेल. हात वर कर, बाही बघू दे."