खोलीचा आवाज, एक मिनिट

कूलर बंद करा, म्हटलं मी,
आणि तांडापेठेतल्या त्या घरानं
मे महिन्यात, दुपारी दोन वाजता,
माझ्याकडे असं पाहिलं
जसं पानावर बसून मीठ नको म्हणणाऱ्या पाहुण्याकडे बघतात.

"काहून?" आई म्हणाली.
फर्रफर्र येते, काकू, आवाजात.
"मंग आमचं घर फर्रफर्रच करते न बावा."

सहा दिवस झाले होते शूटिंगचे.
सहा दिवसांत वैजयंती नंदनवारनं
तेच बूट चार वेळा घातले, उजेडासाठी,
तीच पोळी दोनदा खाल्ली,
गुडघ्याचं ऑपरेशन, रेल्वेची नोकरी, मोडलेलं लग्न
आधी डावीकडून सांगितलं
मग उजवीकडून.

दिग्दर्शक पुण्याचा. भला माणूस.
त्याला खड्डा हवा होता,
मागाचा खड्डा, ज्यात पाय सोडून
बाप लुगडी विणायचा.
तो सिमेंटनं बुजवून अकरा वर्षं झाली.
वर शोकेस आहे, करंडक आहेत,
बक्षिसाच्या पैशातला फ्रिज आहे.
"थोडासा खोदता येईल का?" त्यानं विचारलं
हसत,
पण पूर्ण हसत नव्हता.

शेवटी मी माझं मागितलं: एक मिनिट.
कॅमेरे बंद. कुणी बोलायचं नाही, हलायचं नाही.
खोली नुसती असते तेव्हा कशी वाजते
ते घेऊन ठेवावं लागतं,
दोन वाक्यांमधली फट बुजवायला.

हेडफोन लावले.
आधी फ्रिज. तो बंद करायचा राहिलाच.
मग गल्लीच्या टोकाला भंगारवाला,
आईचा श्वास, किंचित दम्याचा,
आणि वैजूचा, इतका सावकाश
की दोन श्वासांच्या मध्ये एखादं भांडण उरकावं.

बत्तिसाव्या सेकंदाला
थप्.
थप् थप्.

बाप.
खुर्चीत ताठ, हात मांडीवर, डोळे मिटलेले,
आणि उजवी टाच
नसलेली पावडी दाबत होती.

तिनं त्या टाचेकडे पाहिलं.
तिचा एक श्वास आत गेला
आणि परत यायचा विसरला.
आला तेव्हा मी मोजलं:
चार थपांना एक. पुढच्या चारांना एक.
मानकापूरच्या ट्रॅकवर ती असाच घेते,
शेवटचा राऊंड येईपर्यंत.

"झालं का?" आईनं विचारलं, एकोणसाठला.
झालं, म्हटलं मी.
घर पुन्हा फर्रफर्र करू लागलं.

फिल्ममध्ये ती एका जागी म्हणते,
बाबा कधी काही बोललेच नाहीत.
त्यानंतर चार सेकंदांची फट आहे.
एडिटर म्हणाला, मागे कोणीतरी ठोकतंय रे, काढू?
राहू दे, म्हटलं.
का, म्हणाला.

मी खर्ऱ्याची पुडी सोडली
आणि तोंड भरून घेतलं.