कौलाखाली

दुकान वडिलांचं. तंबाखू, तिकिटं, काडेपेट्या.
कोइंब्राच्या खालच्या आळीत, जिथे मोंडेगो फुगली
की पहिल्या फळीपर्यंत पाणी.
राजवट आली तेव्हा मी चार वर्षांची.
मला काही आठवत नाही, आणि सांगायचंय ते हेच:
आठवावं असं आमच्या आळीत काही घडलंच नाही.
वडील पेपरची घडी घालत म्हणाले,
चला, निदान आता हिशेब जुळेल.
आणि जुळला. त्या वर्षी आमची उधारी फिटली.

मग एकेक कागद.
संघटनेचा. मिरवणुकीचा. नोकरी हवी तर शपथेचा.
आणि एक, ज्याला आम्ही पोट धरून हसलो:
लायटर बाळगायचा तर परवाना.
काडेपेटीच्या कारखानदाराचं नुकसान नको.
उघड्यावर पेटवला, खिशात परवाना नाही, तर दंड;
जो दाखवून देईल त्याला दंडातला वाटा.
छपराखाली मात्र मोकळीक.
हसलो, आणि काड्या जास्त मागवल्या.
काडीइतकी गोष्ट. तिच्यासाठी कोण भांडतंय?
तोवर सवय जडली होती
खिशात हात घालण्याआधी मागे वळून बघायची.

लिझांद्रो काल्देइरा, कायद्याचा विद्यार्थी,
काळ्या झग्यात एक कौल घेऊन फिरायचा.
घराच्या छपराचं खरंखुरं, लाल, कोपऱ्यात शेवाळलेलं.
माझ्या दारात ते डाव्या हातानं डोक्यावर धरी,
उजव्यानं लायटर पेटवी आणि ओरडे:
"छपराखाली आहे हो, साहेब!"
आळी हसायची. मी हसायचे.
हवालदार वाल्देमिरोसुद्धा, मिशीत.

त्या हिवाळ्यात माझ्या मुलाचे बूट फाटले होते.
एवढंच.
याहून मोठं कारण मी अजून शोधते आहे.
लिझांद्रो कौल गल्ल्यावर विसरला,
पाच पावलं गेला, पेटवला.
वाल्देमिरो समोर पाठ करून उभा होता.
मी खाकरले.
घसा कुणाचाही खवखवतो.

दंडामागून नाव, नावामागून खोली,
खोलीत कुणाचं पत्रक, पत्रकामागून आणखी नावं.
लायटर कुठल्या कुठे राहिला.
पेनिशचा किल्ला समुद्रावर आहे म्हणतात.
मी पाहिला नाही.
माझा वाटा पाकिटातून आला. सही केली.
बूट एक नंबर मोठे घेतले,
पुढच्या वर्षीही पुरावेत म्हणून.

हल्लीची पोरं विचारतात, इतकी वर्षं टिकली कशी?
वर कुणी टिकवली ते वरच्यांना माहीत.
आमच्या आळीत ती त्या बुटांवर चालत होती.

लायटरचा कायदा तर आधीच मेला, चार वर्षं आधी,
कुणाला सुतक नाही.
आम्ही तरीही आडोसा बघूनच पेटवायचो.
मुलाला तोवर गिनीच्या लढाईत नेऊन झालं होतं.
आला, हातीपायी धड. जेवताना दाराकडे पाठ करत नाही.

मग एप्रिलमधली ती सकाळ. रणगाडे लिस्बनमध्ये;
आमच्याकडे नुसता रेडिओ, आणि वाल्देमिरोच्या घराचे पडदे ओढलेले.
दुपारी पुलापाशी लष्कराचा ट्रक थांबला.
तोंडभर मुरमं असलेला एक पोरगा म्हणाला,
"मावशी, आग आहे?"
मी लायटर काढला. भर चौकात, उघड्या आभाळाखाली.
तीनदा विझला, वारा नव्हता.
मागे वळून पाहिलं.
कुणीच खाकरलं नाही.

लिझांद्रो दोन वर्षांनी आला. टक्कल, जाड चष्मा.
सिगारेट सोडली, म्हणाला, छाती. टपालाची तिकिटं हवीत.
त्याची नजर फळीवर गेली.
"अजून ठेवलंयत?"
राजधानीत आता फायली मोजतायत म्हणे.
एकीत माझी सही असणार, वळणदार, शाळेतल्यासारखी.
सांगायला तोंड उघडलं आणि खोकला आला.
खराच. थांबेना.
त्यानं माझ्याच माठातलं पाणी मला दिलं.
मी कौल पुढे केलं.
"राहू द्या," तो म्हणाला, "तुमच्याकडे गळतं का?"

गळतं, म्हटलं.