उतरण्याला काय म्हणतात

पाच दिवस माझ्या गाडीत काओबाई.
काओ जुई-फंग, तैवानच्या, वय एकाहत्तर.
विमानतळावर धरायच्या पाटीवर
मी नाव तीनदा चुकवलं.
चौथ्यांदा त्यांनीच पेन घेतलं
आणि तीन छोटी घरं काढावीत तशी
तीन अक्षरं काढली.

मिरामारहून कांपाल, सात मिनिटं,
महोत्सवाच्या गर्दीत पंचवीस.
तेवढ्यात मागच्या सीटवरून दुभाषी पोर
त्यांचं आयुष्य सांगायची, सुटं सुटं.
आधी तलवारी. वर्षाला चार सिनेमे,
तेच देऊळ, तेच बांबू, झग्यांचे रंग तेवढे वेगळे.
मग भुतं.
मग एक हसवणारा: न्हाव्याच्या दुकानात
दोन सवती एकमेकींचे केस कापतात.
मग नऊ वर्षं काही नाही.
"जाहिराती केल्या," पोर आवाज खाली आणून म्हणाली,
आणि बाईंना कुठून कळलं कोण जाणे,
त्या खिडकीतून मांडवीकडे बघत
मोठ्यानं म्हणाल्या, "नूडल्स!"
मग उतारवयात तो एक, अडीच तासांचा,
बाप बंदराच्या भिंतीवर बसून राहतो
आणि बोट येत नाही.

पत्रकारांपैकी एकानं विचारलं,
इतक्या वाटांमधली तुमची खरी कोणती?
बाई पाणी प्यायल्या.
म्हणाल्या, घराचं भाडं भरायचं होतं.
सगळे हसले. त्या नाही.

भुतांच्या खेळाला अकरा माणसं.
बारावा मी, दाराशी, हातात चावी.
त्यातलं भूत कुणाला मारत नाही.
रात्री येतं, दोरीवरचे कपडे काढतं,
घड्या घालून उंबऱ्यावर ठेवतं.
तीन दिवस माझा शर्ट बाहेरच वाळत राहिला.

चौथ्या दिवशी पोर तापानं पडली.
बाईंना डॅशबोर्डवर सुपारी दिसली,
आमच्या कुळागरातली, सालासकट.
उचलली, हुंगली, डोळे मिटले,
मग हात वर, वर, आणखी वर नेला
आणि बोटं झावळीसारखी पसरली.
मी गाडी वळवली.
बाणस्तारीचा पूल, माशेल, सावईची वळणं.

बाप ओसरीवर होता. फटू गावडे,
चाळीस वर्षं पोफळी चढून गुडघे गेलेला.
पुतण्या दिप्तेश पायात सुंभाचा फास अडकवून
शेंड्याशी पोचला होता.
घोस कापला, दोरीवरून सोडला,
अंग झोकलं. झाड एकदा वाकलं, दोनदा,
आणि त्यानं पलीकडच्या पोफळीला मिठी मारली.
तिथून तिसरीला. तिथून चौथीला.
बाईंचा हात तोंडावर.
"दर वेळी खाली कोण उतरणार?" बाप म्हणाला.
"दिवस पुरायला नको?"
हे त्यांना सांगायला माझ्याकडे भाषा नव्हती.
त्या बोटं मोजत होत्या, पाच, सहा,
झाडं की सिनेमे, देव जाणे.

सहावीनंतर अंतर जास्त होतं.
दिप्तेश झुलला. हात पोचेना.
परत झुलला.
पाटाचं पाणी तेवढं वाजत होतं.
बाप खालून काही बोलला नाही,
मीही श्वास धरून.
मग तो हळूहळू घसरत खाली आला,
घाम पुसला, तांब्याभर पाणी प्याला,
चालत सातवीपाशी गेला
आणि बुंध्याला पाय लावला.

तेव्हा बाई हसल्या.
पाच दिवसांत पहिल्यांदा, कंबर धरून,
त्याच्याकडे बोट करून ओरडल्या,
"नूडल्स! नूडल्स!"

बाप मॅगी खातो, नूडल्स त्याला ठाऊक नाही.
परवा दिप्तेश मधूनच उतरला तर
ओसरीवरून शांतपणे म्हणाला,
असू दे रे, नूडल्स.